डब्याच्या झाकणाएवढी चित्रं

आमच्या मजल्यावर कुणी चित्रकार राहतो, हे आम्हाला आधी नाकाने कळलं. सिंगापूरला, सेंगकांगच्या नव्या फ्लॅटमध्ये सामान अजून खोक्यांतच होतं, आणि सकाळी दार उघडलं की कॉरिडॉरभर कुणीतरी चामड्याचा जोडा उकळत घातल्याचा वास. आमची लेक ओवी तेव्हा तान्ही होती, म्हणून आई औरंगाबादहून येऊन राहिली होती. तिने पदर नाकाला लावला. "कुणी काय खावं ते ज्याचं त्याने बघावं," ती म्हणाली, "पण एवढं?" मी चांगी बिझनेस पार्कात एका बँकेचे हिशेब बघणारी बाई, सकाळी आठला घरातून पळणारी. वासाचा माग काढायला मला कुठे सवड होती? आईला होती. ती सरळ शेजारचं दार वाजवून आली आणि येऊन सांगितलं, की आत एक गोरा म्हातारा आहे, कमरेला मळकं फडकं गुंडाळलेलं, आणि तो पातेल्यात सरस शिजवतोय.

तो तोमास. स्पेनचा. सत्तरीतला, उंच, कोरडा माणूस. वयाने बापाच्या जागी होता, पण इंग्रजीतून ओळख झालेला माणूस मराठीत आणला की अरेतुरेतच येतो, त्याला माझा इलाज नाही. तोंडावर मी त्याला अंकल म्हणायचे, इथे सगळेच सगळ्या म्हाताऱ्यांना म्हणतात तसं. आई त्याला भाऊ म्हणायची. ती मराठीत बोलायची, तो तिला सेन्योरा म्हणून स्पॅनिशमध्ये उत्तर द्यायचा, आणि दोघांचं कधी अडलं म्हणाल तर नाही. दारावरची इंग्रजी पाटी वाचून तो मला सुजाताऐवजी "सुहाता" म्हणायचा, त्याच्या भाषेत जे चा ह होतो. बरेच दिवस मी दुरुस्त करत होते. मग म्हटलं जाऊ दे, एवढ्या लांबून आलाय बिचारा.

गोणपाटावर वाळू-माती धरून ठेवणारा तो सरस सशाच्या कातडीचा असायचा. हे कळल्यावर आईने तीन दिवस त्याच्याकडे डबा पाठवला नाही. नंतर तिचं तिलाच राहवलं नाही.

त्याच्याविषयी इंटरनेटवर शोधलं ते माझ्या नवऱ्याने, मिलिंदने. जेवताना म्हणाला, "अगं, हा माणूस मोठा होता." माद्रिदमध्ये तरुणपणी चार-पाच फाटक्या मित्रांबरोबर गोणपाटावर डांबर, वाळू आणि माती थापून मोठमोठी काळी चित्रं करायचा. परदेशात बक्षिसं मिळाली, मोठ्या शहरांतल्या संग्रहालयांनी चित्रं घेतली. आणि मग एक ओळ: पुढे ते पूर्वेकडे गेले. संपलं. त्या ओळीपासून पुढचा सगळा माणूस आमच्या शेजारी राहत होता आणि आमच्याकडून लसणाची चटणी मागून नेत होता.

स्पेन का सोडला, असं मी एकदा विचारलं. तेव्हा तिकडे हुकूमशाही होती. ज्या सरकारची त्याला चीड, तेच सरकार त्याची चित्रं बाहेरच्या प्रदर्शनांना पाठवायचं आणि बघा आम्ही किती आधुनिक आहोत, असं मिरवायचं. एका मंत्र्याने सगळ्यांदेखत त्याचा हात हातात घेतला. "माझ्या काळ्या रंगाने ते स्वतःचं तोंड धुवत होते," तो म्हणाला. त्याने गॅलरीवाल्याशी भांडण केलं आणि पॅरिस गाठलं. तिथे लिएन भेटली, सिंगापूरची नर्स. तिच्या मागे तो इथे आला आणि इथलाच झाला. फ्लॅट तिच्या नावाचा. आम्ही यायच्या आदल्या वर्षी ती कॅन्सरने गेली. तिच्या चपला मात्र दाराबाहेरच्या रॅकवर तशाच होत्या, आणि तो त्या दर रविवारी पुसायचा.

इथे आल्यापासून वीस-एक वर्षं तो रोज चित्र काढत होता आणि कुणालाही दाखवत नव्हता. मिलिंदने दोनदा विचारलं, मी तर कितीदा. एकच उत्तर ठरलेलं: "अजून ओलं आहे." चार महिन्यांपूर्वीचं चित्रही ओलं, चार वर्षांपूर्वीचंही ओलंच. तो रंगवताना दार उघडं असायचं, कारण एअरकॉन त्याला सोसत नसे, पण कॅनव्हास नेहमी पाठमोरा. जाता-येता त्याच्यावरून दिसायचं ते तोमासचं डोकं, आणि ते डोकं वाळूचा मूठभर मारा करून मागे सरायचं, बघायचं, पुन्हा पुढे. चित्र झालं की जुन्या चादरीत गुंडाळायचं, त्यावर प्लास्टिक, त्यावर चिकटपट्टी. आणि मग ते शेल्टरमध्ये जायचं.

इथल्या नव्या सरकारी फ्लॅटांत प्रत्येक घरात अशी एक खोली असते, उद्या बॉम्ब पडले तर जीव वाचवायला. जाड काँक्रीटच्या भिंती, खिडकी नाही, हवेसाठी दोन भोकं, आणि बँकेच्या तिजोरीला शोभेल असं लोखंडी दार. बॉम्ब आमच्यापैकी कुणी पाहिलेले नाहीत. त्यामुळे आम्ही तिथे तांदळाची पिशवी, सुटकेसी आणि फुगवायचा पोहण्याचा तलाव ठेवतो, आणि दार उघडंच असतं. तोमासने हवेच्या भोकांवरची झाकणं घट्ट पिळून बंद केली होती आणि दाराच्या कडेने पट्टी चिकटवली होती. मिलिंद मटेरियल्सचा इंजिनिअर. त्याला ते बघवेना. "अंकल, इथली हवा ओली आहे. दार उघडं ठेवा, पंखा लावा. सरस आहे तो, बुरशीचं खाणं आहे."

"माझ्या आजोबांच्या देव्हाऱ्यातली चित्रं याच सरसावर तीनशे वर्षं उभी आहेत," तोमास म्हणाला.

"ते तुमच्या गावात. तिथे कोरडं आहे."

"आणि उघड्या शेल्टरला कपाट म्हणतात."

मिलिंद घरी येऊन चडफडला. "म्हातारा हेकट आहे," म्हणाला. होताच.

डब्याची गोष्ट सांगायलाच हवी. आईने पहिल्यांदा त्याला स्टीलच्या गोल डब्यात भाकरी, पिठलं आणि ठेचा पाठवला, तेव्हा दुसऱ्या दिवशी तो डबा घासूनपुसून, चकचकीत, रिकामा घेऊन आला. आईने डबा उघडून बघितला आणि तिचा चेहरा पडला. "भाऊ, रिकामं भांडं परत करू नये. काही नसलं तर चिमूटभर साखर तरी घालावी." मी इंग्रजीत सांगितलं. साखर कशाला, त्याने विचारलं.

"म्हणजे घरात काहीच उरलेलं नाही असं दिसू नये," आई म्हणाली.

त्याने हे मन लावून ऐकलं. मग मला म्हणाला, "सेन्योराला सांग, माझ्या घरात अजून पुष्कळ आहे. हात चालतायत तोवर माझ्यावर साखरेची पाळी येणार नाही."

पुढचा डबा परत आला त्यात झाकणाच्या मापाचा गोल पुठ्ठा कापून बसवला होता. त्यावर तपकिरी मातीचा थर, मध्ये काळे डाग, आणि एका कडेला नखाने ओढलेली पांढरी रेघ. आईने तो खिडकीशी नेऊन उलटसुलट बघितला. "ही काय, करपलेली भाकरी?" मी भीतभीत भाषांतर केलं. तोमास भिंतीला टेकून हसला. माद्रिदच्या समीक्षकांनी पानंच्या पानं लिहिली, म्हणाला, पण इतक्या जवळ कुणी आलं नव्हतं.

तेव्हापासून डबा कधी रिकामा आला नाही. सार्सच्या साथीच्या वर्षी कुणी कुणाच्या घरात जात नव्हतं, तेव्हाही डबा चपलांच्या रॅकवर ठेवला जायचा आणि तिथूनच पुठ्ठा घालून परत यायचा. मी ते गोल फ्रीजवर चुंबकाने लावत गेले. जागा संपली तशी ओट्यामागच्या भिंतीवर. फोडणी उडायची, पंखा गरगरायचा, त्यांना काही होत नव्हतं. एक आईने दुधावर झाकण म्हणून ठेवला. मी ओरडले तिच्यावर, आणि नेमका त्याच वेळी तो चटणी मागायला आला. दुधावरचं स्वतःचं चित्र बघून त्याला एवढं हसू आलं की खोकला लागला. "पन्नास वर्षं काम करतोय," म्हणाला, "आज पहिल्यांदा माझं चित्र कुणाच्या उपयोगी पडलं."

पण विमानं आली की हा माणूस वेगळाच व्हायचा. लष्करी विमानतळ आमच्या अंगावरच आहे. दुपारची लढाऊ विमानं सरावाला निघाली की खिडक्या थरथरतात, आणि आम्ही टीव्हीचा आवाज वाढवतो. तोमास बोलता बोलता थांबायचा. हातात कप असला तर तो खाली ठेवायचा, उठायचा, आणि घरी जाऊन शेल्टरच्या दाराला हात लावून बघायचा की बंद आहे ना. मग परत येऊन राहिलेलं वाक्य पुरं करायचा. ओवी बोलायला लागल्यावर तिने त्याला सांगितलं, "अंकल, only practice lah." तो तिला म्हणाला, "हो बाळा. आधी नेहमी सरावच असतो."

त्याचं कारण आम्हाला पुलाउ उबीनला कळलं. एका रविवारी त्याला आम्ही बंबोटीत, इथल्या लाकडी मोटारहोडीत, घालून त्या बेटावर नेलं. बाकी जग तिथे सायकल चालवायला जातं. हा एका जुन्या, कंपाँगातल्या म्हणजे खेड्यातल्या घरासमोर उतरला, तिथल्या मलय आजीला हात जोडून विचारलं, आणि तिच्या अंगणातली लाल माती पिशवीत भरत बसला. मी आणि आई सावलीत त्याच्याजवळ थांबलो. बोटांनी खडे निवडत निवडत, वर न बघता, त्याने सांगितलं. त्यांच्याकडचं यादवी युद्ध, तो पाच-सहा वर्षांचा. विमानांचा आवाज आला की सगळे द्राक्षदारूच्या तळघरात उतरायचे. मोठा भाऊ, आंद्रेस, शेवटी यायचा आणि दार ओढून घ्यायचा, ते त्याचं काम. त्या दिवशी दार फुगलं होतं, लागेना. आंद्रेस ते लावायला वर थांबला. "आई माझे कान दाबून बसली होती," तो म्हणाला. "मला काही ऐकू आलं नाही. फक्त वरून माती पडत राहिली." मग पिशवीला गाठ मारली आणि म्हणाला, हा लाल रंग चांगला आहे, आमच्याकडे असा मिळत नाही. मी आईला मराठीत सांगितलं. आईने डब्यातली पोळी काढून त्याच्या हातावर ठेवली. घरी आल्यावर मी मिलिंदला सांगितलं, आणि त्यानंतर मिलिंदने शेल्टरच्या दाराचा विषय काढला नाही.

मग त्याचे गुडघे गेले. मोठे कॅनव्हास उचलवेनात. शेवटचं मोठं चित्र आम्ही दोघांनी धरून आत ठेवलं, त्याने दार लावलं, पट्टी चिकटवली, आणि ते तसंच राहिलं. दीड-दोन वर्षं तो फक्त डब्याचे गोल करत होता. आम्हाला वाटलं आता हे असंच चालायचं. आणि स्पेनहून फोन आला.

त्याच्या गावातलं जुनं धान्याचं कोठार दुरुस्त करून तिथे संग्रहालय झालं होतं. तिथल्या बाईंना, बेआत्रिसना, त्याचं मोठं प्रदर्शन भरवायचं होतं. जुनी काळी चित्रं ठिकठिकाणाहून येणार होती. आणि एक आख्खी खोली सिंगापूरच्या चित्रांसाठी. जगाला ठाऊक नसलेली वीस-पंचवीस वर्षं. तो आमच्या दारात येऊन हे सांगताना दाराची चौकट धरून उभा होता. "भिंत देतायत मला," म्हणाला. "माझ्या गावात. ज्या गल्लीत आमचं घर होतं, त्याच गल्लीत." त्या महिन्यात त्याने केस कापून घेतले, मुस्तफाच्या दुकानातून नवा पांढरा शर्ट आणला, आणि आईला विचारून घेतलं की पाहुणीला काय खायला घालावं. माझा विश्वास बसत नव्हता इतका तो आनंदात होता. चित्रं आधी जातील, मग मी जाईन, असं तो ज्याला त्याला सांगत होता, लिफ्टमध्ये सुद्धा.

बेआत्रिस आल्या तेव्हा त्याने मला आणि मिलिंदला बोलावून घेतलं. नवा शर्ट घातलेला. पट्टी त्याने स्वतः सोडवली. दाराची दांडी हलेना म्हणून मिलिंदने जोर लावला. दार उघडलं आणि वास आला. सरसाचा नव्हे. ओल्या, बंद, कुजलेल्या कशाचा तरी. मिलिंदने माझ्याकडे बघितलं आणि मान खाली घातली.

पहिलं चित्र बाहेर काढलं तेव्हा तोमासला धीर आला होता, कारण वजन तेवढंच होतं. त्याने चिकटपट्टी कापली, प्लास्टिक उलगडलं. चादरीवर पांढरी लव उगवली होती. ती दूर केली, आणि आत नुसतं गोणपाट. उघडं, डागाळलेलं, काही नसलेलं गोणपाट. सगळं चित्र खाली, चादरीच्या झोळीत, वाळू आणि मातीचा ढीग होऊन पडलं होतं. सरसाने सोडून दिलं होतं.

त्याने दुसरं उघडलं. तिसरं. पिशवीतून तांदूळ ओतावेत तसा आवाज होत होता. चौथ्याला बेआत्रिस रडवेल्या होऊन त्याचा हात धरायला गेल्या. त्याने हात सोडवून घेतला आणि पुढचं उघडलं. एकही त्याने सोडलं नाही. लाल वाळू दिसली तेव्हा मला कळलं की हे उबीनचं. शेवटी तो त्या ढिगाऱ्यात उभा राहिला, पायाच्या अंगठ्याने थोडी वाळू सरकवली आणि बेआत्रिसना एक वाक्य बोलला. काय म्हणाले, मी नंतर त्यांना विचारलं. "म्हणाले, मी सांगत होतो ना, अजून ओली आहेत."

बेआत्रिस हात धुवायला आमच्याकडे आल्या. स्वयंपाकघरात त्या नळ सोडून फ्रीजसमोर उभ्या राहिल्या. नळ वाहत होता, मी जाऊन बंद केला. त्यांनी एकेक गोल बघितला, ओट्यामागचे बघितले, आईने दुधावरचा उचलून दिला तोही. मग तशाच ओल्या हातांनी शेजारी गेल्या, आणि मी त्यांच्या मागे. ही दाखवू, त्या म्हणाल्या. खोली मिळेल, सगळी भिंत यांचीच.

तोमास झाडू घेऊन वाळू गोळा करत होता. "ती डब्यातली आहेत," तो म्हणाला. "जेवणाबद्दल दिलेली. त्यांच्यावर सही नसते."

"सही आज करा."

"मी भिंती बांधल्या, बाई. मला झाकणांवरून ओळखू नका."

मला राग आला. त्याच्यावरच आला, दुसऱ्या कुणावर येणार? मी म्हटलं, "अंकल, उद्या लोक म्हणतील की इथे येऊन तुम्ही काही केलंच नाही."

"मग खरं तेच म्हणतील, सुहाता. खोलीत जाऊन बघ."

टाउन कौन्सिलचे लोक मोठा कचरा उचलायला आले, त्या दिवशी मी सुट्टी घेतली होती. गोणपाटं त्याने कापून, दोरीने बांधून लिफ्टपाशी रचली होती. एक बांगलादेशी पोरगा विचारत होता, "अंकल, थ्रो?" तोमास म्हणाला, "थ्रो." वाळू मात्र त्याने त्यांना नेऊ दिली नाही. बादलीत भरून, थांबत थांबत, गुडघे धरत तो ती खाली नेत होता आणि ब्लॉकखालच्या झाडांच्या बुंध्याशी ओतत होता. मिलिंदने मदत केली. ओवी तेव्हा शाळेत जायला लागली होती. ती म्हणाली, "अंकल, cannot lah, got fine." तो तिला म्हणाला, "मला करू दे दंड." कुणी केला नाही.

तो वर्ष भरायच्या आत हॉस्पिटलात वारला, न्यूमोनियाने. फ्लॅट लिएनच्या भाच्याने विकला. चपलांचा रॅक बरेच दिवस बाहेर होता. मग बेआत्रिसनी प्रदर्शनाचं जाडजूड पुस्तक पाठवलं, सुंदर छापलेलं. शेवटच्या पानावर त्याचं चरित्र होतं, त्यात लिहिलं होतं की सिंगापूरला गेल्यानंतर त्यांनी चित्रं केल्याची नोंद नाही. मी ते मिटून कपाटावर टाकलं. गोल अजून आमच्या फ्रीजवर आहेत. बेआत्रिसचा अधूनमधून फोन येतो, मी नाही म्हणते. त्याचा शब्द मोडला नाही, मोडावा असं रोज वाटतं.

पण मला तो हॉस्पिटलातला आठवत नाही. आठवतो तो त्याच्या आधीचा, बुद्धपौर्णिमेच्या दुसऱ्या दिवशीचा. कॉरिडॉरमधला सरसाचा वास तेव्हा बंद झाला होता. आई म्हणायची, नाक मोकळं झालं पण करमत नाही. पौर्णिमेला तिने वंदना आटोपून खीर केली. फार पूर्वी तिने त्याला गोष्ट सांगितली होती, उपासाने खंगलेल्या भगवंताला सुजाताने खीर दिली ती. तेव्हापासून दरवर्षी खिरीचा डबा त्याचा ठरलेला. त्या वर्षीही गेला.

सकाळी तो डबा घेऊन आला. तोच पांढरा शर्ट, आता अंगात लोंबणारा. आत ये म्हटलं तर आला नाही. इथले लोक देतात तसा दोन्ही हातांनी डबा आईच्या हातात दिला, तिला स्पॅनिशमध्ये काहीतरी म्हणाला, आणि भिंतीला हात लावत लावत परत गेला. विमानं चालली होती. तो थांबला नाही.

आई डबा घेऊन स्वयंपाकघरात आली. मी ऑफिसची पिशवी भरत होते, मी म्हटलं, "बघू, या वेळी कसं काढलंय." तिने झाकण उघडलं. झाकणाला काही नव्हतं. डबा घासून लख्ख केलेला, आणि तळाशी चिमूटभर साखर.

आईने झाकण परत लावलं. मग खुर्ची ओढली आणि डबा मांडीवर घेऊन बसून राहिली.